आयनखोलच्या मातीचा कानोसा

ज्याच्यावाचून आपले चालत नाही, त्याचे हित आपण जवळ राहिल्याने होते की दूर गेल्याने, हा प्रश्न माता, गुरू आणि भूमी या तिघांच्या बाबतीत माणसाला कधी ना कधी पडतोच. मातेच्या बाबतीत त्याचे उत्तर काळ देतो, गुरूच्या बाबतीत स्वतः गुरूच देतो. भूमी मात्र बोलत नाही, असे आपण पिढ्यान्‌पिढ्या समजत आलो. म्हणून तिच्या वतीने आपणच बोललो, आणि पुष्कळदा आपल्या सोयीचे तेवढेच बोललो. पुढे भूमीचे बोलणे ऐकण्याचे साधन माणसाच्या हाती आले. तेव्हा असे दिसून आले, की ऐकणे निराळे आणि ऐकलेल्याचा अर्थ लावणे निराळे. दक्षिण कोकणात, समुद्रापासून दोन कोस आत, जांभ्या दगडाच्या सड्याखाली, म्हणजे उघड्या पठाराखाली, आयनखोल नावाची एकतीस घरांची वाडी आहे. तेथील निवृत्त शिक्षिका कुमुद घाडी यांना हा भेद फार जवळून पाहावा लागला.

ते साधन दिसायला अगदी साधे होते. वीतभर लांबीचा पोलादी खिळा, त्याच्या टोकाशी एक स्फटिक. दाब पडला की या स्फटिकात अत्यल्प वीज उमटते. गांडूळ सरकले, भुंगेऱ्याच्या अळीने मूळ कुरतडले, कोवळ्या मुळाने मातीचा कण बाजूस सारला, किंवा पाण्याने एखाद्या रंध्रातील हवेचा बुडबुडा फोडला, तरी स्फटिकाला ते कळते. जिवंत माती सदैव कुरकुरत, टिकटिकत, कुजबुजत असते. मेलेली माती गप्प असते. अशा हजारो आवाजांतून कोणता आवाज कुणाचा, हे ओळखायला संगणकाला शिकवलेले होते. पुण्याच्या एका संशोधन संस्थेतील डॉ. शलाका केतकर यांनी कार्तिकात येऊन आयनखोलमध्ये असे चाळीस खिळे पुरले: काही ओहोळाच्या काठी, काही मळ्यांत, काही घरांमागच्या परड्यांत, काही वर सड्याच्या कडेला. त्यांना त्यांनी 'भूश्रवणी' असे नाव दिले होते.

आयनखोलच निवडण्यास कारण होते. त्या गावात पाळण पाळतात. दर तीन वर्षांनी, मार्गशीर्षात, ग्रामदेव रवळनाथाचा कौल घेऊन सारा गाव तीन दिवस आणि तीन रात्री शिवेबाहेर जातो. माणसे जातात, गुरे जातात, कोंबड्या आणि कुत्रीही जातात. मागे चूल पेटत नाही, दिवा लागत नाही. शिवेपलीकडे माळावर माडाच्या झापांच्या राहुट्या उभ्या राहतात, आणि चौथ्या दिवशी देवाने पुन्हा कौल दिला की माणसे घरी परततात. शलाकाबाईंना हे ऐकून हर्ष झाला होता. माणसाच्या असण्याने आणि नसण्याने मातीत काय फरक पडतो, याचा इतका स्वच्छ प्रयोग कोणत्याही प्रयोगशाळेत झाला नसता. येथे तर देवानेच तो मांडून ठेवला होता.

गावातील रोजच्या नोंदींसाठी त्यांनी कुमुदला निरीक्षक नेमले. कुमुद अविवाहित, वयाने एकसष्ट, हस्ताक्षर मोत्यासारखे. रोज संध्याकाळी ती पाटीसारख्या पडद्यावर तापमान, पाऊस, गुरांची संख्या, वणवा, झाडतोड अशा रकान्यांत नोंदी भरी. शेवटचा रकाना होता: 'आज काही विशेष घडले असल्यास नोंदवावे.' कुमुद तेथे बहुधा 'विशेष काही नाही' असे लिही.

फाल्गुनात निष्कर्ष आला. गाव शिवेबाहेर जाण्यापूर्वीच्या पंधरवड्याशी तुलना करता, नंतरच्या पंधरवड्यात मातीतील जीवांचा आवाज जवळजवळ दुप्पट झाला होता. शलाकाबाईंचा लेख प्रसिद्ध झाला, त्याची चर्चा झाली, आणि पाहता पाहता जिल्ह्याच्या परिसर समितीने एक योजना आखली. आयनखोलची एकतीस घरे तालुक्याच्या गावाजवळ नव्या वसाहतीत न्यावी आणि ही दरी कायमची मोकळी ठेवावी. तीन दिवसांच्या विसाव्याने माती एवढी सुखावते, तर कायमच्या विसाव्याने काय होईल, असा तो विचार होता. संमतीसाठी सभा पुढील माघात ठरली.

योजनेवर पहिली सही केली ती कुमुदच्या धाकट्या भावाने, दिगंबरने.

एकाच खळ्याच्या, म्हणजे अंगणाच्या, दोन बाजूंना दोघांची घरे. दिगंबर खळ्यात सुपारी सोलीत बसला होता, तेव्हा कुमुदने त्याला विचारले, "एवढी घाई कित्याक रे? अजून सभा होवची आसा."

"बाय, तुझ्याच यंत्रान सांगला मा, आमी नसलो की माती सुखी?" दिगंबर मान वर न करता म्हणाला. "मगे आमीय सुखी होतलो. दोघांचा बरा. भांडणच मिटला."

थट्टेमागचे दुःख कुमुदला ठाऊक होते. आयनखोलला गाडीवाट नाही. सड्यावरच्या रस्त्यापर्यंत दोनशे बारा पायऱ्यांची पाखाडी आहे. दोन वर्षांपूर्वी श्रावणात दिगंबरच्या पत्नीच्या, सुनंदाच्या, छातीत कळ आली, तेव्हा चौघांनी तिला बांबूला बांधलेल्या खुर्चीतून वर नेले. तिसऱ्या वळणावर एकाचा पाय घसरला. डॉक्टर म्हणाले होते, आणखी अर्ध्या तासाने आला असता तर आणायची गरज नव्हती. त्या दिवसापासून दिगंबरच्या मनात त्या पायऱ्यांविषयी वैर बसले होते. वसाहतीतून रुग्णालय हाकेच्या अंतरावर होते.

एकतीसपैकी एकोणीस घरांनी सह्या केल्या. उरलेल्या बारांनी केल्या नाहीत, आणि वाडीत एकमेकांच्या घरची जा-ये कमी झाली.

वैशाखात शलाकाबाईंनी कुमुदवर एक काम सोपवले. पलीकडच्या दरीत बिवळवाडी म्हणून एक वस्ती होती. तेथील माणसे दहा वर्षांपूर्वीच पोटापाण्यासाठी एकेक करून निघून गेली होती. मोकळी ठेवलेली दरी कशी बहरते याचा नमुना म्हणून तेथे सहा खिळे पुरावेत आणि त्यांचे आवाज समितीला ऐकवावेत, असा त्यांचा मानस होता.

कुमुद सकाळी निघाली. बिवळवाडीत तिच्या शाळेतील मैत्रिणी राहत असत. तेथील पोफळीच्या बागांची सावली तिला आठवत होती. आता वाट रानमोडीने गिळली होती. पुरुषभर उंचीचे ते झुडूप एकजात पसरले होते, आणि पोफळींचे शेंडे झडून नुसते वासे उभे होते. तिने खिळे रोवले, कानांना श्रवणयंत्र लावले आणि डोळे मिटून बसली.

काही ऐकू येईना.

तिने यंत्र तपासले. पुन्हा ऐकले. दूरवर कुठेतरी एखादी मुंगी चालल्यासारखी टिकटिक झाली, आणि पुन्हा शांतता. जेथे दहा वर्षे माणसाचे पाऊल पडले नव्हते, तेथे माती मुकी होती. परतल्यावर तिने त्यांतलाच एक खिळा आपल्या परड्यात रोवला, तर आत जणू आठवड्याचा बाजार भरला होता.

"उपकरण सदोष असेल," शलाकाबाई पडद्यावरून म्हणाल्या. "बाई, तुम्ही नोंदीत तसं लिहा. मी दुसरे खिळे पाठवते."

'उपकरण सदोष' हे दोन शब्द लिहिले असते तर प्रकरण तेथेच मिटले असते. दिगंबरला घर मिळाले असते, सुनंदाला रुग्णालय. कुमुदच्या बोटांनी तो रकाना उघडलाही. परंतु ज्या स्त्रीने चाळीस वर्षे मुलांना 'दिसले ते लिहा, वाटले ते लिहू नका' असे सांगितले होते, तिला ते दोन शब्द लिहवेनात. त्याहून खरे सांगायचे तर तिला कुतूहल वाटत होते. आणि कुतूहल ही अशी गोष्ट आहे, की ती एकदा दारात आली की स्वार्थाला उंबरठ्याबाहेरच उभे राहावे लागते.

दुसऱ्या दिवशी ती पुन्हा बिवळवाडीस गेली. या वेळी तिने खिळे नेले नाहीत, नुसतीच हिंडली. ओहोळ, ज्याला तिकडे व्हाळ म्हणतात, तो कोरडा ठणठणीत होता. तिच्या लहानपणी या दिवसांत त्यात गुडघाभर पाणी असे. पात्रात जांभ्याचे चिरे विखुरले होते. ते चिरे ओळखायला तिला क्षणभर वेळ लागला, आणि ओळखल्यावर ती त्यांतल्याच एकावर बसली.

तो बांध होता. पावसाळा सरला की व्हाळाचे पाणी वेगाने समुद्राकडे पळू लागते. म्हणून मार्गशीर्षात सारी वाडी पात्रात उतरते आणि चिरे, माडाची खोडे, डहाळ्या आणि चिखल यांचा बांध घालते. पाणी तुंबते, दोन्ही काठांच्या मातीत शिरते, विहिरींना पोहोचते. पहिल्या पावसात तो बांध वाहून जातो आणि पुढच्या वर्षी नव्याने घालावा लागतो. बिवळवाडीत घालणारे उरले नव्हते.

आणि आयनखोलचा बांध? गाव सोडण्यापूर्वी बांध घातलाच पाहिजे, असा तेथे दंडक आहे. गतवर्षीही पाळणीच्या आठ दिवस आधी एकतीस घरांतील साठ-सत्तर माणसांनी दिवसभर खपून तो घातला होता. कुमुद स्वतः चिखल तुडवायला होती. घरी येऊन, केसांत चिखल वाळत असताना, तिने त्या दिवशीचा रकाना भरला होता. तिने तेथेच पडदा उघडून ती तारीख शोधली.

'विशेष काही नाही.'

हे असत्य नव्हते. दरवर्षी होणारी गोष्ट विशेष कशी? आज आपण श्वास घेतला, अशी नोंद कोण करतो? बाहेरच्या माणसाने तो बांध पाहिला असता तर पानभर लिहिले असते. ही चूक केवळ आयनखोलच्या माणसाच्याच हातून होण्यासारखी होती, आणि ती झाली होती.

"शलाकाबाई," त्या सायंकाळी कुमुदने विचारले, "तुम्ही पंधरवड्याची सरासरी काढलीत. मला दर दिवसाचा आणि दर खिळ्याचा आलेख दाखवाल का?"

आलेख आले. शलाकाबाई तरुण होत्या, पण प्रामाणिक होत्या. चाळीस रेषा एकाखाली एक पाहताना त्यांनी तारखा जुळवायला घेतल्या.

"ओहोळाकाठचे खिळे आधी वाढले," त्या शेवटी म्हणाल्या. "गाव निघण्याच्या सहा दिवस आधीच. मग मळ्यातले. मग परड्यातले. सड्याच्या कडेचे सगळ्यात शेवटी, आणि अगदी थोडे."

"माणसे एका सकाळी सगळीकडून एकदम जातात," कुमुद म्हणाली. "पाणी मात्र पायरी पायरीने चढते."

तेच झाले होते. माती कोरडी पडू लागली की गांडुळे खोल जातात, अंगाची गाठ मारून निजतात. बुरशीचे तंतू सुकतात. त्यांवर जगणारे सूक्ष्म जीव गप्प होतात. बांधाने अडलेले पाणी बाजूंना झिरपत गेले, तसतशी ती सृष्टी निजायची थांबली. श्रेय मिळाले माणसांच्या जाण्याला. काम होते माणसांच्या हातांचे.

"पण माणसाविना जंगले नांदतातच की," कुमुदने स्वतःच शंका काढली.

"नांदतात. ज्या रानाला आपण कधी हात लावला नाही, त्याला आपली गरज नाही. पण हा उतार तीनशे वर्षे तुमच्या लोकांनी घडवलाय, बाई. इथल्या मातीला तुमची सवय आहे." शलाकाबाईंनी आलेख बाजूला सारले. "आणि हा अजून संशयच आहे, पुरावा नाही. समिती पुरावा मागेल. क्रम उलटा करून पाहायला हवा. आधी गाव सोडायचा, बांध नंतर घालायचा. यंदा जमेल?"

यंदा पाळणीचे वर्ष नव्हते.

दिगंबरला कुमुदने स्वतःच सांगितले. त्याने सारे ऐकून घेतले आणि हातातला अडकित्ता खाली ठेवला.

"आता सांगतंस? इतके म्हयने गप रवलंस?"

"गप रवलंय न्हय रे. माका कळलाच नाय."

"कळलाच नाय! चाळीस वरसा पोरांका निरीक्षण शिकवलंस ना गो तू? आनि बांध दिसलो नाय? अंगार चिखल होतो तुझ्या!"

"ताच तर सांगतंय. चूक माझी. पन चूक कळल्यार ती तशीच ठेवली, तर ती चूक ऱ्हवणा नाय, दिगा. लबाडी होता."

"आनि सुनंदाचा काय?" तो उठून उभा राहिला. "तुझी माती वाचली, माझी बायल गेली तर? तिचो आवाज ऐकूक खिळो नाय तुझ्याकडे?"

दारात सुनंदा उभी होती; ती ऐकून आत वळली. त्या दिवसापासून खळ्याच्या मधोमध एक अदृश्य कुंपण पडले. पावसाळाभर बहीणभाऊ एकमेकांशी बोलले नाहीत.

मार्गशीर्षाच्या आरंभी रवळनाथाच्या देवळात आबा गुरवांनी देवाला गाऱ्हाणे घातले. आबा पंचाहत्तरीचे, आवाज मात्र नगाऱ्याचा.

"बा देवा रवळनाथा, म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" जमलेले लोक म्हणाले.

"औंदा पाळणीचा वरस न्हय, म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"पन आमच्या कुमुदबायेक आनि त्या पुण्याच्या बायेक एक शंका इली हा. आदी गाव सोडतो आनि मागसून बांध घालतो, असा उरफाटा करूचा म्हणतत! काय चुकला-माकला तर लेकरांका पदरात घे, आनि शंका खरी आसात तर तिका वाट दाखय, म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

मूर्तीला लावलेल्या फुलांच्या पाकळ्यांतील उजवी गळून पडली. देवाने आज्ञा दिली. शलाकाबाई मागे हात जोडून उभ्या होत्या. प्रयोगाची परवानगी अशा रीतीने मिळताना त्यांनी प्रथमच पाहिली होती, आणि त्यांच्या अनुभवातील कित्येक समित्यांहून ही रीत त्यांना अधिक गंभीर वाटली.

देवाचा शब्द मोडण्याची छाती कुणातच नव्हती. सह्या केलेली आणि न केलेली, एकतीसही घरे शिवेबाहेर गेली. तीन दिवस माळावर दोन वेगळ्या रांगांत राहुट्या होत्या. खाली मोकळ्या वाडीत चाळीस खिळे ऐकत होते. वाटांवर आणि खळ्यांत मुंग्यांची हालचाल किंचित वाढली. घोरपडी परड्यांत फिरून गेल्या. परंतु मातीच्या पोटात, जेथे गतवर्षी बाजार भरला होता, तेथे काही वाढले नाही. उलट पाणी पळत होते आणि आवाज दिवसागणिक मावळत होता.

चौथ्या दिवशी गाव परतला. पाचव्या दिवशी बांध घालायचा होता. तो घातला तरच प्रयोगाचा दुसरा अर्धा भाग पुरा होणार होता.

व्हाळावर बाराच घरे आली.

"देवान परवानगी दिली," आबा गुरव चिखलात उभे राहून ओरडले, "पन देव काय चिखल कालवूक येवचो नाय रे! उचला दगड!"

त्यांनी उचलले. परंतु बांध म्हणजे नुसते दगडांवर दगड नव्हेत. पाण्याचा जोर जेथे सर्वांत अधिक, त्या जागेला बांधाचे तोंड म्हणतात. तेथे खोडे कोणत्या कोनात रोवायची, डहाळ्यांचे बुडखे वरच्या अंगाला की खालच्या, हे साऱ्या वाडीत एकट्या दिगंबरला नेमके ठाऊक होते. बापाने त्याला शिकवले होते. साडेअकरा वाजता मधला भाग खचला आणि तीन तासांचे काम खाली वाहत गेले. कुणी कपाळाला हात लावला, कुणी दिगंबरचे नाव घेऊन शिवी हासडली. कुमुद कमरेइतक्या पाण्यात उभी होती. तिला वाटले, की आता संशय संशयच राहणार, आणि माघातल्या सभेत बिवळवाडीचे चिरे कुणालाच दिसणार नाहीत.

तेवढ्यात वरच्या वाटेवरून काठी टेकीत टेकीत सुनंदा येताना दिसली. तिच्यामागे दिगंबर धावत होता.

"खंय चल्लंस गो? मराक?"

"चिखल तुडवूक." सुनंदा थांबली नाही.

"डॉक्टरान काय सांगला तुका?"

"डॉक्टरान चल म्हणून सांगला हा. उतार उतरू नको म्हणून सांगूचा इसारलो आसात." ती काठावरच्या चिऱ्यावर बसली, धाप लागली होती. "तुमी बहीणभाव म्हयनेच्या म्हयने बोलनास. माका मधी ठेवन. माझ्या नावान भांडतास, आनि माका कोण इचारता? मी ह्या व्हाळाचा पाणी तीस वरसा पिलंय. तू उतरतंस, काय मी उतरू?"

"वयनी, उतर गो!" कुणीतरी ओरडले. "दिगाक सुपारी सोलूक बसव!"

हशा पिकला. दिगंबरने सदरा काढला. पाण्यात उतरताना तो बहिणीच्या जवळून गेला आणि तिच्याकडे न पाहताच म्हणाला, "ह्यो बांध तुझ्या यंत्रासाठी न्हय हां. व्हाळ असो फुकट जाताना माका बघवना नाय." मग त्याने आवाज चढवला. "अरे, कोणी रोवली ही खोडा? गाढवान? पाण्याक खंयसून जावचा आसा ता आदी बघा, मगे दगड ठेवा!"

दिगंबर उतरला म्हटल्यावर एकोणिसांतली पहिली तीन घरे आली, मग उरलेली. दुपार कलली तेव्हा बांध उभा होता. त्या संध्याकाळी कुमुदने 'विशेष' या रकान्यात, मावत नव्हती तरी, चौसष्ट माणसांची नावे लिहिली.

तिसऱ्या दिवशी ओहोळाकाठचा पहिला खिळा बोलू लागला. सहाव्या दिवशी मळा, दहाव्या दिवशी परडी. रेषा गतवर्षीप्रमाणेच पायरी पायरीने चढल्या. एकच गोष्ट उलगडली नाही. गतवर्षी बांधानंतर गाव तीन दिवस दूर गेला होता, तेव्हाचा आवाज यंदाच्या आवाजाहून थोडा वरचढ होता. हा योगायोग होता, की भरल्या मातीला थोड्या विसाव्याचीही रुची होती? हात लावणे आणि हात काढून घेणे, दोन्हींत काही मर्म होते काय? हे पुढच्या पाळणीपर्यंत कळण्यासारखे नव्हते. शलाकाबाई आणि कुमुद दोघींनाही त्या न कळण्याचा आनंदच झाला.

माघातल्या सभेत शलाकाबाईंनी आपल्या लेखातील चूक स्वतः वाचून दाखवली. मग कुमुद उठली.

"चुकीचे मूळ माझ्या नोंदीत आहे," ती म्हणाली. "आणि मला आणखी एक नोंद करायची आहे. सुनंदा घाडी यांचे हृदय आणि गुडघे."

अध्यक्षांनी चष्मा काढला. "बाई, गुडघ्यांचा मातीशी संबंध काय?"

"पाखाडी चढवत नाही म्हणून सुनंदा जाईल. ती गेली तर दिगंबर जाईल. दिगंबर नसला तर बांध खचतो. किती वाजता खचतो, तेही माझ्याकडे लिहिलेले आहे. साडेअकरा. बांध खचला तर काय होते ते बिवळवाडीत ऐकून या. या उतारावर माणसाचे हात हा मातीच्या आरोग्याचा भाग असेल, तर त्या माणसांचे आरोग्य हाही मातीच्या आरोग्याचाच भाग आहे. आम्हांला वसाहत नको. रुग्णाला नेता येईल अशी वाट द्या, आणि आठवड्यातून दोनदा परिचारिका."

सभेत आधी कुणीतरी हसले, मग कुणीच हसले नाही. वाडी हलवण्याची योजना त्या दिवशी मागे घेतली गेली. वाटेची आणि परिचारिकेची शिफारस झाली. परंतु शिफारशीची वाट व्हायला दोन पावसाळे तरी लागतील, असे अध्यक्षांनी स्पष्ट सांगितले.

सुनंदाला दोन पावसाळ्यांचा अवधी नव्हता. डॉक्टरांनी पावसापूर्वी तालुक्याला येऊन राहा म्हणून बजावले. म्हणून चैत्रातल्या एका सकाळी दिगंबरने रुग्णालयाजवळच्या दोन खोल्यांकडे बिऱ्हाड हलवले. सुनंदाची खुर्ची उचलायला आठ जण आले. त्यांत सह्या केलेले चार होते आणि न केलेले चार. पाखाडीच्या तळाशी कुमुदने भावाला विचारले, "रागावलंस माझ्यार?"

"रागावलंय." दिगंबरने वर पायऱ्यांकडे पाहिले. "वसाहतीतला घर गेला माझा. पन तू खोटा लिवलं असतंस, तर खंयच्या तोंडान त्या घरात निजलो असतंय, ता कळना नाय माका." मग तो म्हणाला, "मार्गशीर्षात सांगावो धाड. येतलंय."

सुनंदा खुर्चीतूनच वाकू लागली. कुमुदने तिचे दोन्ही हात धरले आणि तिच्या मस्तकावर हात ठेवला.

"सुखान ऱ्हवा," ती म्हणाली.

खुर्ची उचलली गेली, आणि आठ जण एकमेकांना सांभाळीत, एकेक पायरी मोजून चढू लागले. त्यांचे पाऊल कोठेही न घसरो. सुनंदाचे हृदय शांतपणे चालो. दिगंबरला परक्या गावी निवांत झोप लागो. कुमुदला पुरेसे प्रश्न मिळोत, आणि ते विचारण्याइतके आयुष्य. आणि त्या उतारावरच्या मातीत, कुणी ऐकत असो वा नसो, ते बारीक काम अखंड चालू राहो.